कापलेली कड

प्रिय ताई,

प्रदर्शन सुरू होऊन आठवडा झाला. लोक येतात, डोळे पुसतात, मला मिठी मारतात. मला काहीच होत नाही. जेवणाची चव लागत नाही, फोन वाजला तर नुसती बघत बसते. इथला रखवालदार परवा म्हणाला, मॅडम, तुमच्यापेक्षा पुतळे बरे. हसायला हवं होतं, ते राहून गेलं.

काय मांडलंय ते तुला ठाऊकच आहे. आपल्या अल्बममधले अकरा फोटो भिंतीएवढे मोठे केलेत आणि प्रत्येकात तुझ्या जागी भोक आहे. एका फोटोत माझ्या खांद्यावर तुझी चार बोटं तेवढी उरलीत. शेजारच्या पाटीवर मी लिहिलं होतं: बहीण घर सोडून गेली, त्या संध्याकाळी वडिलांनी तिला कापून काढलं. मी आठ वर्षांची होते. बाबा टेबलाशी उभे, हातात कात्री, असं मला लख्ख आठवतं. पण शिंप्याच्या घरात ते कोणत्या संध्याकाळी दिसत नव्हतं?

काल बाबा आले. दुकान बंद करून आले, टेप गळ्यातच राहिली होती. पाटी वाचली. मग गिऱ्हाइकाच्या कोटाची शिवण तपासावी तसे एकेका भोकाच्या कडेवरून बोट फिरवत गेले. अकराही फोटो झाल्यावर म्हणाले, "हा माझा हात नाही. उजव्या हाताची कात्री डाव्यानं चालवली की कड अशी चावल्यासारखी येते." मग टेप गळ्यातून काढत म्हणाले, "मला इतकी वर्षं वाटत होतं, तुझ्या आईनं कापले."

आई तर जाईपर्यंत माझ्यापाशी त्यांच्यावर खापर फोडत होती. पण एकमेकांना विचारायचं म्हटलं की दोघांचीही मिठाची गुळणी.

घरी येऊन डावा अंगठा पाहिला. बुडाशी जुना वण आहे. कात्री जड होती, कातडं सोललं होतं. तू मला न सांगता गेलीस, आणि मला रडूसुद्धा येत नव्हतं.

कॉलेजात असताना मीच तुला कळवलं होतं, बाबांनी तुला फोटोंतून कापलंय. तू लिहिलंस, मग त्या घरात माझं काय काम. त्यानंतर एकोणीस वर्षं तू आली नाहीस. चोर सोडून संन्याशाला फाशी झाली, ताई, आणि फाशीची पाटीही मीच रंगवली. ती आज उतरवली. नव्या पाटीवर माझं नाव आहे. बाबा रागावले नाहीत. वहीतलं तुझं जुनं माप काढून एवढंच म्हणाले, आता बदललं असेल. माझ्याशी बोलू नकोस हवं तर, पण त्यांना माप द्यायला ये.

तुझीच,
डावरी