तातेरावांच्या आतलं बंद पडलं

भोकरदन,
डिसेंबर १९९३

ती. दाजींना,
मच्छिंद्रचा पायावर डोकं ठेवून नमस्कार. आपली आणि आक्काची तब्येत बराबर असेलच. माझी विचारू नका, प्रदर्शनापासून घशाखाली घास उतरत नाही.

झालं असं की, जिवंत मानवी पेशी आत काय करते ते शाळेच्या विज्ञान प्रदर्शनात लोकांना दाखवायची दुर्बुद्धी मला सुचली. (पुस्तकातल्या चित्रात ती वाळत घातलेल्या पापडासारखी पडलेली असते, ते मला कायम खुपायचं.) आपल्या लाळेतल्या पांढऱ्या पेशींमध्ये बारीक कण सारखे नाचत असतात आणि शाळेच्या साध्या सूक्ष्मदर्शकातूनही ते दिसतात. उद्घाटनाला संस्थेचे अध्यक्ष तातेराव आले होते. ‘लाळ माझीच घ्या,’ म्हणाले. घेतली. भिंगाला डोळा लावला आणि म्हातारा हरखूनच गेला. ‘हे माझ्या आत चालू ऱ्हातंय? मला न सांगता?’ मागे पाहुण्यांची रांग ताटकळलेली, पण हे हटायला तयार नाहीत. तेवढ्यात दिव्याच्या उष्णतेनं काचेवरचा थेंब सुकला आणि नाच थांबला.

दाजी, तो चेहरा डोळ्यांपुढून जात नाही. ‘सर,’ ते हळूच म्हणाले, ‘आतलं बंद पडलं.’ थेंब सुकला, तुम्ही नाही, हे मी परोपरीनं सांगितलं. पण ते घरी जाऊन आडवे झाले ते अजून उठलेले नाहीत. शहागडहून लेक आली आहे. त्यांच्या मंडळी गिरिजाबाई मला पाहिलं की डोळ्याला पदर लावतात, आणि मास्तरनं धडधाकट माणूस कसा घालवला याची संस्थेत चर्चा चालू आहे. (माझी नोकरी अजून कायम व्हायची आहे. आता कसली होते!)

आपला अभागी मेहुणा,
मच्छिंद्र

ता. क. : तातेराव फक्त डॉक्टरचं ऐकतात. मिळेल त्या एसटीनं या आणि पांढरा कोट घालून या. आपण गुरांच्या दवाखान्यात असता हे मात्र बोलू नका.

आणखी ता. क. : पत्र टाकायला निघालो तर प्रयोगशाळेच्या दारात तातेराव! गिरिजाबाईंनी हाताला धरून आणलेलं. ‘रोज रडण्यापरीस एकदा परत बघा म्हणलं,’ त्या म्हणाल्या, ‘आन् मंग माझंबी घ्या.’ एकाच काचेवर दोघांचं घेतलं. दोघं आळीपाळीनं पाहत बसले. ‘ह्यातलं माझं कोणतं?’ तातेरावांनी विचारलं. ‘कोणतंबी असू द्या,’ गिरिजाबाई म्हणाल्या, ‘चालू हाय ना.’

दाजी, बाहेर आता आणखी जोडपी येऊन उभी राहिली आहेत, आणि एकानं म्हैस आणली आहे. आपण याच.