लाल त्रिकोणाचा डबा

ब्रह्मपुरी, १४ जुलै

१. आज घरच्या बांधीत धानाची रोवणी झाली.
२. बायका ज्या डब्यातलं पाणी प्यायल्या, तो कीटकनाशकाचा होता.
३. वहिनीही प्यायली. तिला चौथा महिना आहे.

पाणी त्यात का भरलं, असं विचारल्यावर आई हसली, “राखेनं तीनदा धुतला न व! आता आमचं पाणीबी तपासशीन काय?” डब्यावरचा लाल त्रिकोण, अतिविषारी असल्याची खूण, पुसट झालाय, पण दिसतो. गर्भाला अपाय होतो म्हणून सरकारने हे औषध बंद केलं. रिकामा डबा फोडून पुरायचा, हा नियम गावोगाव सांगणं हीच माझी नोकरी. आणि हा डबा? शेतकऱ्यांच्या शिबिरात नमुना म्हणून दाखवून झाल्यावर मीच घरी आणला. फोडायचा राहिला.

आत्ता वहिनीला मेसेज पाठवला: “डबा मी आणला होता. चूक माझी. शनिवारी डॉक्टरांकडे सोबत येशील का? गुरुवारपर्यंत कळव.”