म्हाताऱ्याचा काळोख

गुरुवार, १२ फेब्रुवारी २००९, एटोबिको

आज मी एका माणसाचा काळोख पुसला, आणि तो माझ्या शेजारच्याच खुर्चीत बसला होता.

म्हातारा फ्रेंच कॅमेरामन. चाळीस वर्षं खिडकीच्या उजेडावर सिनेमे शूट केले, जादा दिवा म्हणून कधी लावला नाही. त्याचा जुना सिनेमा डीव्हीडीवर येतोय, रंग जुळवायचं काम माझ्याकडे. म्हणून त्याला मॉन्ट्रियालहून बोलावलेलं. आता फार अंधुक दिसतं, हे आल्या आल्या त्यानेच सांगितलं.

मग तो स्वयंपाकघरातला सीन आला. आई बटाटे सोलतेय, चेहरा अख्खा अंधारात, उजेड फक्त कानाच्या पाळीवर. त्या कानासाठी पुण्यात शिकताना मी हा सिनेमा पुन्हा पुन्हा पाहिला होता.

मागून प्रोड्यूसर बाई हळूच म्हणाली, "ब्राइट कर. टीव्हीवर काही दिसणार नाही."

नाही म्हणायला हवं होतं. पण सोमवारीच आमच्यातल्या दोघांना लेऑफ केलंय. मी नॉब फिरवला. आईला नाक आलं, डोळे आले. कान कुठे गेला, कळलंही नाही.

म्हातारा पुढे वाकला. "चेहरा अंधारातच आहे ना?"

"हो, सर."

"मग झालं. तुमच्या डोळ्यांवर माझा भरवसा आहे."

का ठेवला? माझ्यावर का?

संध्याकाळी घरी आलो, तर बायको, अनघा, दिवा न लावताच पोळ्या लाटत होती. खिडकीतून बाहेरच्या बर्फाचा उजेड तेवढा तिच्या कानावर पडलेला. मला बघवेना. मी पटकन लाइट लावला.