दरसाल दावण बदलणारं स्थळ

पासली, ता. वेल्हे
बुधवार, दुपार

दाजी,

तुमाला आन् अक्काला सर्जेरावाचा दंडवत. हितं आमी सगळी बरी हाय, म्हंजी वरवर तरी बरीच दिसतो. मनातलं कुणी सांगत न्हाई. तुमचा खोकला गेला असं अक्कानं कळवलं, पण तिनं ते तीनतीनदा सांगितलं म्हणून मला शंका येती की गेलेला नसावा. खरं काय ते तुमीच कळवा. भात बरा हाय. कडंचं वावर डुकरांनी तुडवलं (शेजारचा धनाजी म्हणतो डुकरांनी, पायाचं ठसं म्या नीट बगून ठेवलेत आन् त्यावर अजून एक अक्षर बोललेलो न्हाई). आमच्या ठकुबाईची कंबर अधनंमधनं धरती, ती बी नेमकी पाहुणं आलं की.

आता ह्या जमान्यात पत्र कशापायी, असं तुमी म्हणाल. हितं मोबाईलला रेंज लागती ती फक्त वरच्या टेकाडावर, आन् तिथं धनाजी म्हशी घेऊन दिवसभर कान टवकारून बसलेला असतो. शिवाय तुमचा मोबाईल तुमाला तुमच्या स्नेहलनंच घेऊन दिलाय, तवा तो कुणाच्या बाजूनं हाय ते मला ठाऊक न्हाई. आन् गोष्ट तिच्याच लग्नाची. म्हणून कागदावर लिवतोय. वाचून झालं की चुलीत घाला. तुमच्याकडं गॅस हाय हे मला म्हाईत हाय, तरी काय जमतंय ते बगा.

तर, उत्रोलीच्या सोनबाचं पोरगं स्वरूप, ज्याच्यापायी तुमची लेक हटून बसलीया, त्याची चौकशी तुमी माझ्यावर सोपवली. सर्जेराव म्हणंल ते ठरलं, असं तुमी चार पाहुण्यांत बोलून बसलात, आन् स्नेहलनंबी लगेच व्हय म्हटलं. ती एवढ्या लवकर व्हय म्हटली तिथंच माझ्या मनात पहिली पाल चुकचुकली. पोरगा बास्केटबॉल खेळतो आन् त्याचाच पगार घेतो. त्याला माझी हरकत न्हाई. उंची एवढी की आमच्या दारातनं वाकूनच आत यावं लागंल (वाकून आत येणाऱ्यावर मी एकदम इस्वास टाकत न्हाई, पण तेबी सोडा). माझी हरकत येगळी हाय. ह्या पोरानं नऊ वर्सांत आठ संघ बदललेत! चेन्नई, लुधियाना, भावनगर, मधीच मालदीव, मंग नेपाळ, मंग परत चेन्नई पण दुसऱ्याच मालकाकडं, आन् काय काय. दाजी, म्या सगळी हयात बैलांची दलाली केली. जो बैल दरसाल बाजारात दिसतो त्याच्यात खोड असती. दिसायला देखणा, चालीला सरळ, दातांत जवान, आन् घरी नेऊन नांगराला जुंपला की भर वावरात मटकन खाली बसणार. मालक चार महिनं सोसतो, मंग गुपचूप दुसऱ्याच्या गळ्यात मारतो. आठ मालक काय उगाच सोडतील? खोड हाय हे पक्कं. फक्त कुठली, तेवढं हुडकायचं होतं.

आधी उत्रोलीला गेलो. वळख दिली न्हाई. पेंढा इकत पायजे असं सांगून थेट सोनबाच्या खळ्यावर (आमच्या माळ्यावर पेंढा आढ्याला टेकलाय ही गोष्ट येगळी). वाटंत भेटंल त्याला पोराबद्दल इचारलं. सगळी चांगलंच बोलली. दाजी, सबंध गाव एका माणसाबद्दल चांगलं बोलतंय म्हंजी एक तर त्यानं गावजेवण घातलंय, न्हाईतर गावाला त्याला एकदाचा खपवायचाय. सोनबा म्हणला, पोरगं लावणीला घरी आलं की चिखलात उतरतं. म्या इचारलं, एवढा उंच माणूस लावणीला वाकतो कसा? तर म्हणला, लई दुखतं त्याला, पण वाकतो. आन् त्याची आय रतनबाई! तिनं चहा पाजला, तांदळाची भाकरी खाऊ घातली, आन् पेंढ्याचं पैसं काय केल्या घेईना. दोन भारे बळंच वळखीच्या टेम्पोत टाकले, आन् टेम्पोवाल्यानं मला पासलीपर्यंत त्याच भाऱ्यांवर बसवून आणलं. अजून पाठ खाजवतीय. फुकट देणाऱ्या बाईचा मला दांडगा संशय येतो.

मंग गेल्या शनवारी पुण्याला त्याचा सामना होता, आन् तोबी नेमका चेन्नईच्या संघाबरोबर, ज्यांनी त्याला मागल्या साली सोडला. म्हणलं, ही संधी! जुनी दावण, नवी दावण, दोन्ही एकाच मैदानात. सकाळचीच एसटी धरली. तिथं बगतो तर पहिले पाच गडी मैदानात उतरले, त्यात आपला पाहुणा न्हाईच. कडंला खुर्चीवर, गुडघ्यांना पट्ट्या गुंडाळून गपगार बसलेला. लई येळानं कुणाचा तरी पाय मुरगळला तवा ह्याला उठवला. उठून त्यानं काय करावं? चेंडू हातात आला की लगेच दुसऱ्याला देऊन मोकळा. मंग समोरच्या गड्याच्या वाटंत आडवा जाऊन नुसता उभा राहायचा. त्या आडोशानं ह्यांचं दुसरं पोरगं मोकळं सुटायचं आन् चेंडू टोपलीत टाकायचं. टाळ्या त्या पोराला, धडका ह्याला. असल्या कामाला पगार कोण देतं? माझा संशय वाढत चालला. तेवढ्यात समोरनं एक धिप्पाड गडी सुसाट आला. आपला पाहुणा जागचा हालला न्हाई, छातीवर धडक बसली आन् मटकन खाली बसला!

दाजी, मी खुर्चीतनं उठून वरडलो, "सापडली! खाली बसतोय बगा, खाली बसतोय!" सगळा हॉल माझ्याकडं बगाय लागला. तर शिट्टी वाजली, लोकांनी टाळ्या पिटल्या, आन् चेंडू ह्याच्याच संघाला दिला. शेजारी कॉलेजची पोरगी बसली होती, तिनं मला समजावलं की आजोबा, ते पडले न्हाईत, त्यांनी मुद्दाम धडक अंगावर घेतली. पाय रोवून उभा राहून जो धडक खातो, चेंडू त्याच्या संघाला मिळतो. (आजोबा म्हणाली. म्या तेबी गिळलं.) ती त्याच्याच बाजूची असणार हे मला कळत होतं, तरी पुढं तीनदा तेच घडलं आन् तिन्ही येळा टाळ्या झाल्या.

सामना सुटल्यावर चेन्नईच्या प्रशिक्षकाला गाठला. म्हणलं, जुन्या मालकाकडनंच खोड काढून घेऊ. त्यानं भला माणूस म्हणून हात पुढं केला. म्या हात धरला आन् बाजारातल्या सवयीनं खांद्यावरचा टॉवेल दोघांच्या हातांवर टाकला. आता हा बोटं दाबून खरी किंमत सांगंल म्हणून वाट बगत राहिलो. बोटं गप्प! त्यो बिचारा घाबरून टॉवेलाकडं बगत बसला. मंग मोडक्या हिंदीत इचारलं, पोरगा का सोडला? म्हणला, आमाला परदेशातला एक गडी घ्यायचा होता, कुणाला तरी काढणं भाग होतं, आन् जो तमाशा न करता जाईल त्यालाच आमी काढतो. उद्या जागा झाली की पहिला फोन स्वरूपलाच करीन. दाजी, दुसऱ्याला देऊन टाकलेल्या मालाची एवढी तारीफ करणारा माणूस म्या आरसा सोडून कुठं बगितलेला न्हाई. आन् वर ती चेन्नईची सगळी पोरं येऊन ह्याच्या गळ्यात पडली. म्या इतकी गावं सोडली, कुणी साधी मान वर करून बगितलं न्हाई.

मी दारामागनं हे सगळं टिपत होतो, तर हा सरळ माझ्यापुढं येऊन उभा. म्हणला, "मामा, पेंढा पुरला का?" दाजी, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पहिल्या दिवसापास्नं सगळ्या घराला ठाऊक होतं!

त्यानं मला स्वारगेटला आणलं. भोरच्या एसटीत नसरापूरपर्यंत आमी बरोबर होतो. सीटमधी त्याचं गुडघं मावंनात म्हणून मला बसवून हा उभ्यानं आला, मान वाकडी करून. आन् वाटंत आपण होऊन बोलला. म्हणला, मामा, तुमी खोड हुडकताय तर मीच सांगतो. मी पहिल्या पाचातला न्हाई, कवाच नव्हतो. दुसऱ्याचं दुखलं की मला बोलावत्यात. गुडघा अजून दोनतीन वर्सं चालंल, त्याच्यापुढं काय ते मला ठाऊक न्हाई. स्नेहलला सगळं म्हाईत हाय. (असणारच! पुण्यात ती फिजिओ हाय, त्या गुडघ्याला तीच शेक देती. माल तिनं आमच्या आधी तपासलाय.) तिच्या वडलांना सांगायचं धाडस झालं न्हाई, म्हणून तुमाला सांगतोय.

आता तुमीच सांगा, आपल्या मालाची खोड आपल्या तोंडानं सांगणारा मालक असतो का? म्या तरी बगितला न्हाई. म्हंजी ह्याच्या पोटात ह्याहून मोठं काहीतरी दडलंय. रात्रभर इचार केला. पोरगं मला आवडलं, हे लपवत न्हाई. पण स्नेहल माझ्या कडेवर वाढलीया, दाजी. दर वर्साला बोचकं बांधून ती कुठल्या गावाला जाणार? आन् गुडघा गेल्यावर काय करणार? मला भ्या वाटतं. तवा माझं मत पक्कं झालंय. पोरगी देऊ नका. नकार कळवा, आन् खापर माझ्यावर फोडा.

तुमचा,
सर्जेराव

ता. क. पाकीट चिकटवत होतो तर घरात अंधारून आलं. बगतो तर स्वरूप दारातनं वाकून आत येतोय. शनवारच्या सामन्याबरोबर ह्याचा करार सरला, आता नवा संघ मिळालाय, गुवाहाटीला, आजच निघायचंय. जायच्या आधी काय ठरलं ते इचारायला एवढ्या लांब आला. म्या तोंडावर सांगितलं, नकार हाय. त्यानं इचारलं, माझं काय चुकलं का? म्या म्हणलं, न्हाई. म्हणला, बरं. मंग मला काय बुद्धी झाली कुणास ठाऊक, म्हणलं, टपालाला लई दिवस लागत्यात, तू दाजींच्या शिवऱ्यावरनंच जाणार, तर एवढं पत्र त्यांना दे. त्यानं इचारलं, ह्यातबी नकारच लिवलाय का? म्या म्हणलं, व्हय. दाजी, तो म्हणला, "मंग पिशवीत घालून द्या मामा, वाटंत भिजाय नको."

ता. क. दुसरं. त्यो ओट्यावर भाकरी खातोय आन् मी आत बसून हे लिवतोय. ठकुबाई माझ्याशी बोलंना झालीय. म्या मघाधरनं घोकतोय की ह्याच्यात काय डाव असंल, आन् मला एकबी डाव सुचंना. शंका घ्यायला जागाच उरली न्हाई, त्यानं मला लई अवघडल्यासारखं झालंय. वर लिवलेलं सगळं रद्द समजा. बोचकं बांधायचं असंल तर बांधंल पोरगी, आमी हाय की. गुडघा गेला तर त्याचंबी बगू.

ता. क. तिसरं, आन् खरं काम हेच. म्या मत बदललंय हे त्याला सांगितलेलं न्हाई. सांगाय गेलो आन् त्याच्या ताटात आणखी एक भाकरी वाढून परत आलो. त्यामुळं त्यो आत्ता तुमच्या दारात नकार घेऊनच उभा हाय. आठ ठिकाणी त्याला आता नको म्हणून सांगितलं आन् आठी येळा त्यानं तोंडातनं शब्द न काढता पिशवी उचलली. तुमी हे वाचताय तवर त्यो निघालाबी असंल. दाजी, वाचणं थांबवा. आधी त्याला हाक मारा.