कारखान्याच्या फिल्मवरचं नाव

बाबा, तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली, तरी तुमच्यावरचा माझा संशय काही जात नाही. तुमच्याच धंद्यात पोट भरून मी आता निवृत्त झाले, तुमच्या कारखान्याजवळच अवधपुरीत राहते. गेल्या आठवड्यात कारखान्याच्या जनसंपर्क विभागातल्या बाईंनी टर्बाइनवरची ती जुनी फिल्म मला पाठवली. शेवटी संकलन म्हणून एकटं तुमचं नाव येतं. ते बघूनच मी एडिटर व्हायचं ठरवलं होतं.

पण त्या फिल्मसाठी फ्रान्सहून एक एडिटर बाई तीन महिने आल्या होत्या, हे सगळ्या क्वार्टरांना ठाऊक होतं. आई तुमच्याबरोबर त्यांचाही डबा द्यायची, बिनतिखटाच्या भाजीचा. एकदा शाळेला सुटी होती म्हणून तुम्ही मला फिल्म विभागात नेलंत. बाई पांढरे हातमोजे घालून टेबलाशी वाकल्या आहेत, फिल्म पुढेमागे सरकवताहेत, आणि तुम्ही मागे उभे राहून त्यांना तुकडे देताय. दोन वाजले तरी त्या जेवायला उठत नाहीत. निघताना त्यांनी आपले जुने हातमोजे मला दिले. पुढे क्लबात फिल्म दाखवली तेव्हा त्या मायदेशी गेल्या होत्या. तुमचं नाव आलं आणि मी मोठ्याने विचारलं, मॅडमचं नाव कुठेय? "चूप बस," तुम्ही सगळ्यांदेखत म्हणालात, "तुला काय समजते त्यातलं?"

आता समजतं, हीच पंचाईत आहे. तुमच्या बाकीच्या फिल्म मला पाठ आहेत. माणसाने पाना खाली ठेवल्याशिवाय तुम्ही शॉट तोडत नव्हतात. हातातलं काम पुरं होऊ द्यायचं, हा तुमचा स्वभाव. या टर्बाइनच्या फिल्ममध्ये पाना अजून हवेत असतो आणि आपण पुढच्या यंत्रावर पोचतो. अक्षरासारखाच हातही ओळखू येतो, बाबा. हा तुमचा नाही. आईला एकदा स्वयंपाकघरात विचारलं, तर ती कणीक मळता मळता म्हणाली, "त्यांचा डबा निम्मा भरलेलाच परत यायचा गं. ह्यांचा चाटूनपुसून रिकामा. आता तूच समज." मी हसले, आणि मग दिवसभर तुमचा राग येत राहिला.

परवा तुम्ही कुठे तरी सापडाल म्हणून फिल्म पुन्हा लावली. एका जागी सापडलात. एक कामगार दोरखंड गुंडाळतोय आणि शेवटचा वेढा बसेपर्यंत शॉट तुटत नाही. मला रडूच आलं. वीस मिनिटांत तेवढाच. परदेशी नाव नको, असं वरून आलं असेल, तुम्ही नोकरीला घाबरला असाल, हेही मी स्वतःला समजावून पाहिलं. पण मग त्या फिल्मचं प्रशस्तिपत्र बैठकीत लावायला कोणी सांगितलं होतं? हे सगळं तुम्हाला विचारायचं होतं, आणि कागद पाठवायला आता पत्ता नाही.

आज सकाळी त्या जनसंपर्कवाल्या बाईंचा फोन आला. फिल्मची नोंद करायची आहे, एक जुने फोरमन म्हणतात की कोणी फ्रेंच बाई होत्या, तुम्हाला काही आठवतं का, असं त्यांनी विचारलं. मला त्यांचं नाव आडनावासकट आठवतं. मी म्हटलं, त्या नुसत्या पाहुण्या होत्या, फिल्म माझ्या बाबांनीच कापली.