लेनच्या पुस्तकातलं सातवं प्रकरण

प्रेस्टन,
६ मार्च १९६२

प्रिय ऑड्री,

तू बरी असशील. तुझ्या आईचा गुडघा या थंडीत कसा आहे? मी मजेत आहे, म्हणजे तसं लिहायची पद्धत आहे. शनिवारच्या फुटबॉल सामन्यात इतका चिखल होता की दोन्ही संघांचे शर्ट एकाच रंगाचे झाले. बातमीत मी गोल एकाच्या नावावर घातला, तो निघाला दुसऱ्याचा. आमचे संपादक क्रॉम्प्टन म्हणाले, "कॉलेज अर्धवट सोडलंस, निदान सामना तरी पुरता बघत जा!" मी उलट बोललो. माझं तापट डोकं तुला माहीत आहे. नाचाच्या हॉलमधून तू एकटी निघून गेलीस, तेही त्याच्याचपायी.

लेनचं आत्मचरित्र मी लिहितोय, हे तुला कळलं असेलच. खेळाडू बोलतो, बातमीदार लिहितो, नाव खेळाडूचं. हे नीट झालं तर लंडनचे प्रकाशक पुढचं पुस्तक माझ्या नावावर काढतील म्हणे. लेनबद्दल वाईट सांगण्यासारखं काही नाही. गोल मारतो, बीअर पाजतो. जूनमध्ये तुमचं लग्न. असो.

सातवं प्रकरण तुझ्यावर आहे.

मी विचारलं, "कुठे भेटली ती?"

"नाचाला असेल. नाहीतर बसमध्ये. बाबा रे, तू शिकलेला, तूच लिही काहीतरी गोडसं."

मग मी लिहिलं. बसथांबा, पाऊस, व्हिनेगर शिंपडलेले गरम चिप्स गुंडाळलेला वर्तमानपत्राचा कागद, आणि त्यावरची सामन्याची बातमी मोठ्याने वाचणारी एक मुलगी. "व्हिनेगर पडल्यावर बरी लागते की ही बातमी!"

ऑड्री, ती माझी छापून आलेली पहिली बातमी होती. थांब्यावर तुझ्यासोबत मी होतो.

वाटलं, लेन काट मारेल. त्याने वाचून मांडीवर थाप मारली. "अरे, अगदी असंच झालं होतं! आता आठवलं." तेव्हापासून पबमध्ये सगळ्यांना सांगत सुटलाय. तुलाही सांगेल. तू हसशील की त्याला खरं सांगशील, हाच विचार दिवसभर डोक्यात असतो.

काल सराव संपल्यावर मी तडक खेळाडूंच्या खोलीत गेलो आणि लेनवर ओरडलो, "खोटं आहे ते! मी रचलंय. तिच्याबद्दल स्वतःचं एक वाक्य सुचत नाही तुला?"

वाटलं, मारेल. तो बुटाची नाडी सोडत बसला. मग म्हणाला, "ती बघायला आलेली असली की मी तिकडे मान वळवत नाही. वळवली तर पाय माझे राहत नाहीत."

अख्ख्या पुस्तकातलं सगळ्यात चांगलं वाक्य हेच, आणि ते माझं नाही. आज ते जसंच्या तसं घातलं. बसथांबा काढून टाकला. थांब्यावर कोण होतं, हे मात्र त्याला सांगितलेलं नाही.

शुक्रवारी कागद लंडनला जातील. त्याआधी मला सांग. लेनचं ते वाक्य वाचून तुझं मन भरून आलं असेल, तर तसं दोन ओळींत कळव. प्रकरण मी नीट पुरं करीन, शपथ, आणि लग्नाला धुतलेला शर्ट घालून येईन.

दुसरं काही वाटलं असेल तर लिहू नकोस. ये.

पुस्तकावर माझं नाव नसेल. इथे आहे.

अजूनही तुझा,
विल्फ