कापलेले आजोबा

मिल्टन कीन्स, ४ मार्च

चि. ईशानीस, आजीचे आशीर्वाद, कान धरून.

फोनवर तू गोड बोलून मला गुंडाळतेस, म्हणून पत्र. मी सांगतेय, तुझी आई लिहितेय आणि मध्येच हसतेय. हसू दे.

रविवारी तू लॅपटॉपवर माझ्यावरची फिल्म दाखवलीस. ती बनवणारी तुझी हालिनाबाई हुशार, मान्य. पोलंडहून आली, बातम्या कापल्या, सिंहांच्या फिल्मा कापल्या, खुनाच्या मालिका जोडल्या. सिंह तक्रार करत नाहीत, मी करते. माझ्या बोलण्यातून तिने तुझ्या आजोबांनाच उडवलंय. स्लाऊच्या बिस्किटांच्या कारखान्यात रात्रपाळी कोणी केली? तुझ्या बाबांचा पाळणा बर्फातून डोक्यावर घेऊन कोण आलं? फिल्ममध्ये कोणीच नाही. मी आपली बिननवऱ्याचा संसार सांगत सुटलेय. असंच ठेवणार असाल तर माझा होकार नाही. मला वगळा.

राग संपला की लोभ करीन.
सांगणारी, आजी


मेडनहेड, ९ मार्च

ती. आजीस, सा. न.

माझा मराठी सांभाळून घे. तुझं पत्र मी हालिनाला सांगितलं. ती म्हणते, आजीचा एक शब्दपण काढला नाही, फक्त मधले गॅप्स काढले. मी सगळं रेकॉर्डिंग चेक केलं. आजोबांचं नाव तू कुठेच बोलली नाहीस.

आजी, तिने आयुष्यभर दुसऱ्यांच्या फिल्म्स एडिट केल्या. स्वतः डायरेक्ट केलेली ही फक्त तिसरी. चॅनलने एक तास दिलाय आणि सगळी फिल्म तुझ्यावर उभी आहे. तू नाही म्हटलंस तर ती बंद होईल. प्लीज, हो म्हण.

तुझीच, रागावलीस तरी,
ईशानी


मिल्टन कीन्स, १३ मार्च

चि. ईशानीस, आशीर्वाद, या खेपेला कान सोडून.

तुझं पत्र आईने वाचून दाखवलं आणि मी कपाळाला हात लावला. अगं, ते गॅप नव्हते, ते तुझे आजोबा होते. आमच्यात नवऱ्याचं नाव घेत नाहीत. नाव यायच्या जागी मी थांबते, समोरच्याला कळतं. उखाण्याच्या वेळीही जाऊबाईंना पुढे करून मी सटकायचे. तुझ्या हालिनाबाईने त्यांना प्रत्येक ठिकाणी नेमकं शोधून कापलं. एवढा नेम सिंहांवरही धरला नसेल तिने.

तिला सांग, माझं थांबणं होतं तिथे परत घाल. तासात मावत नसेल तर माझ्या लोणच्याच्या बाता काढ, त्यांना कोणी रडणार नाही. एवढं केलंत तर माझा होकार.

आणि शेवटी नावं येतात त्यात त्यांचंही घाला. काय नाव, ते मला विचारू नकोस. तुझी आई लिहितेय: पुरुषोत्तम. बरोबर लिहिलं का, मला कुठे कळायला? म्हणून मोठ्याने वाच म्हटलं. वाचलं तिने. ऐकू आलं नाही म्हणून पुन्हा वाचायला लावलं. माझे कान ठणठणीत आहेत, हे लिहू नकोस म्हटलं तरी ही लिहितेच आहे.

आजी